मानमोडीपासून मण्यांपर्यंत : चांद्याच्या जंगलात तापाची मोजदाद

आज एका शब्दापासून सुरुवात करतो. मानमोडी. हा शब्द घरात ऐकलाय अशांनी जरा हात वर करा. ... चार-पाच हात. सगळे साठीच्या पुढचे, हे मी मुद्दाम नोंदवून ठेवतो.

माझ्या आजोबांना जन्मतारीख नव्हती. कुणी वय विचारलं की ते म्हणायचे, "मानमोडीच्या साली मी मायच्या कडेवर होतो." शाळेत असताना मला वाटायचं, हे एखाद्या दुष्काळाचं नाव असणार. पुष्कळ उशिरा कळलं की १९१८ सालच्या इन्फ्लुएंझाला, ज्याला जगभर स्पॅनिश फ्लू म्हणतात त्याला, मराठी माणसानं दिलेलं हे नाव आहे. ताप, अंगदुखी, आणि मान धरवत नाही. स्पेनशी त्याचा संबंध तसाही फारसा नव्हता, तेव्हा आपलं नाव जास्त खरं म्हणायला हरकत नाही.

आज आपण त्या साथीकडे बघणार आहोत ते आपल्या बाजूनं, म्हणजे जुन्या चांदा जिल्ह्याच्या बाजूनं. लक्षात घ्या, तेव्हा गडचिरोली जिल्हा नव्हता. तो झाला २६ ऑगस्ट १९८२ ला. त्याआधी वरोऱ्यापासून थेट सिरोंचापर्यंत एकच जिल्हा. आजचे दोन्ही जिल्हे मिळून पंचवीस हजार चौरस किलोमीटरहून जास्त प्रदेश भरतो, आणि त्यातलं बरंच जंगल. माझा आजचा प्रश्न साधा आहे : एवढ्या जंगलात माणसं तापानं मेली, तर किती मेली आणि कशानं मेली हे सरकारला, डॉक्टरला, शास्त्रज्ञाला कळतं कसं? औषधाचा, लशीचा, दवाखान्याचा विचार त्याच्या नंतरचा.

साथ मुंबईत आली जून १९१८ मध्ये. गोदीवर पहाऱ्याला असलेले पोलीस शिपाई सुरुवातीच्या रुग्णांत होते. ती पहिली लाट त्या मानानं सौम्य गेली. सप्टेंबरात दुसरी लाट उठली आणि ती भयंकर होती. एकट्या मुंबई शहरात ६ ऑक्टोबरला एका दिवसात ७६८ मृत्यू नोंदले गेले. रेल्वेनं ती आत शिरली. आपल्याकडे तेव्हा वर्ध्याहून वरोरा, चांदा, बल्लारशा असा फाटा होता, कोळशासाठी. दुसरीकडून गोंदिया-नागभीड-चांदा फोर्ट ही छोटी लाइन. बल्लारशाच्या पुढे दक्षिणेत काझीपेठेला जाणारा मार्ग पूर्ण झाला १९२९ ला, म्हणजे १९१८ मध्ये बल्लारशा हे शेवटचं टोक. तिथून पुढे अहेरी, सिरोंचा म्हणजे बैलगाडी, नाव, नाहीतर पाय. आपल्याला वाटेल, बरंच झालं, साथ तिथेच अडली असेल. पण बाजारहाट थांबत नाही. गाडीनं आलेला ताप आठवडी बाजारातून पुढे पायी जातो. त्याला फक्त थोडे दिवस जास्त लागतात.

मध्य प्रांतात कहर झाला तो ऑक्टोबर-नोव्हेंबरात. झाडीपट्टीत ऑक्टोबर म्हणजे काय ते तुम्हाला सांगायला नको. हलका धान कापणीला आलेला. आणि त्या वर्षी पाऊसही दगा देऊन गेला होता, १९१८ हे देशभर अवर्षणाचं साल. म्हणजे आधीच अर्धं पीक, आणि जे उभं आहे ते कापायला हात नाहीत. कारण हा ताप म्हाताऱ्या-पोरांवर जेवढा पडला तेवढाच, किंबहुना जास्त, वीस ते चाळीस वयाच्या धट्ट्याकट्ट्या माणसांवर पडला. त्यातही बायका जास्त गेल्या. शुश्रूषा करणारी बाई स्वतः आजारी पडली की तिची शुश्रूषा करायला कुणी नसायचं.

आता मोजणीकडे येतो. मध्य प्रांतात गावातला जन्म-मृत्यू कळवायचं काम कोतवालाचं. कोतवाल म्हणजे गावचा राखणदार. आपल्याकडे बहुधा महार, कुठे गोंड. सरकारी उतरंडीतली सगळ्यांत खालची पायरी. तो ठाण्यावर जायचा, तोंडी सांगायचा किंवा वही पुढे करायचा, आणि ठाण्यातला कारकून लिहून घ्यायचा. ठाणं पंधरा-वीस कोसांवर. कारणाचे रकाने ठरलेले : कॉलरा, देवी, प्लेग, हगवण, श्वसनाचे विकार, इजा, आणि या सगळ्यांत मोठा रकाना, 'ताप'. ज्याचं काय झालं ते कळलं नाही तो तापात. हिवताप तापात, विषमज्वर तापात, बाळंतज्वरही बहुधा तापातच. इन्फ्लुएंझा असा रकानाच नव्हता. कोतवालानं तो शब्द कुठून आणायचा?

मग १९१८ चे आकडे आले कुठून? इथे एक जुनी, फार हुशार युक्ती आहे, आणि आजही जगभर तीच वापरतात. लंडनमध्ये १८४७ साली फ्लूची साथ आली तेव्हा विल्यम फार या आकडेतज्ज्ञानं म्हटलं, मृत्यूच्या दाखल्यावर डॉक्टरनं काय लिहिलंय ते क्षणभर बाजूला ठेवा. एरवी या आठवड्यांत किती माणसं मरतात ते बघा, आणि यंदा किती मेली ते बघा. वरचा फरक साथीचा. समजा एखाद्या गावात दर वर्षी आश्विन-कार्तिकात दोन-तीन माणसं जातात आणि यंदा चौदा गेली. तर अकरा-बारा मृत्यूंचा हिशेब मानमोडीकडे मागायचा, मग वहीत 'ताप' लिहिलेलं असो की आणखी काही. कोविडच्या काळात 'अतिरिक्त मृत्यू' हा शब्द तुम्ही वर्तमानपत्रांत वाचला असेल. तो हाच हिशेब.

पण या युक्तीला एक अट आहे. मोजणारा जिवंत आणि उभा पाहिजे. १९१८ च्या त्या दोन महिन्यांत नोंदणीची यंत्रणाच आजारी पडली. १९२१ च्या जनगणनेच्या अहवालात हे स्पष्ट मान्य केलेलं आहे. कोतवाल अंथरुणात, ठाण्यातला कारकून अंथरुणात, आणि वरचे पुष्कळसे डॉक्टर पहिल्या महायुद्धाच्या आघाडीवर. जिथे साथ सगळ्यांत जोरात, तिथेच नोंद सगळ्यांत पोकळ. म्हणून देशाचा आकडा कसा बदलत गेला बघा. सॅनिटरी कमिशनर नॉर्मन व्हाइट यांच्या १९१९ च्या प्राथमिक अहवालाच्या वेळी सुमारे ६० लाख. १९२१ ची शिरगणती झाली तेव्हा तो सव्वा कोटीच्या घरात गेला. लोकसंख्याशास्त्रज्ञ किंग्स्ले डेव्हिस यांनी १९५१ साली तो २ कोटींच्या जवळ नेला. १९८६ मध्ये मिल्स यांनी १ कोटी ७० लाख ते १ कोटी ८० लाख मांडला, आणि २०१२ मध्ये चंद्र आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी जिल्हावार आकडे नव्याने तपासून १ कोटी ३८ लाखांच्या आसपास आणला. पहिल्या आणि सर्वांत मोठ्या आकड्यात सव्वा कोटीहून जास्त माणसांचा फरक! ही माणसं कुठे होती? मुंबई-पुण्यात नव्हती, तिथे दाखले होते. ती अशाच मुलखांत होती, जिथून वही ठाण्यापर्यंत पोहोचली नाही.

आणि तरीसुद्धा, एवढ्या फाटक्या नोंदीतही, प्रांतवार यादीत सगळ्यांत वर कोण आहे? मध्य प्रांत. दर हजारी पन्नासहून जास्त. वीस माणसांत एक. बंगाल, मद्रास त्या मानानं कितीतरी खाली. आजच्या महाराष्ट्राची म्हणून जी लोकसंख्या धरतात ती १९११ ला २ कोटी १४ लाखांच्या वर होती, १९२१ ला २ कोटी ८ लाखांवर आली. त्यानंतरच्या शंभर वर्षांत अशी घट पुन्हा झाली नाही.

मुंबईच्या नोंदीत आणखी एक गोष्ट दिसते. तिथे जातवार, समाजवार मृत्यू मोजले होते : खालच्या मानलेल्या जातींत दर हजारी ६१.६, आणि युरोपियनांत ८.३. एकाच शहरात, एकाच हवेत. म्हणजे विषाणू सगळ्यांना सारखा, असं जे आपण म्हणतो ते दाटीच्या खोल्या, पोटातलं अन्न आणि शुश्रूषा यांचा हिशेब न धरता म्हणतो. चांद्याच्या कोतवालाच्या वहीतून असा तक्ता निघू शकत नव्हता.

बरं, शास्त्रज्ञ तेव्हा काय करत होते? चुकीच्या चोराच्या मागे होते. रिशार्ड फायफर या जर्मन शास्त्रज्ञानं १८९२ मध्ये फ्लूच्या रुग्णांत एक जिवाणू शोधला होता आणि तोच कारण असं बहुतेकांनी धरलं होतं. त्याच्या लशी निघाल्या, आपल्याकडेही झाल्या. खरा चोर, विषाणू, माणसात सापडला १९३३ ला, लंडनमध्ये, आणि तोही फेरेट नावाच्या मुंगसासारख्या प्राण्याच्या नाकात रुग्णाच्या घशातलं पाणी घालून. पण जिवाणूच्या मागे लागलेले लोक पूर्ण मूर्ख नव्हते, हे मला आवर्जून सांगायचंय. १९१८ मधल्या मृतांच्या फुफ्फुसांचे जपून ठेवलेले नमुने पुढे ९० वर्षांनी पुन्हा तपासले गेले. तेव्हा दिसलं की बहुतेक माणसं विषाणूनं दार उघडल्यावर मागून शिरलेल्या जिवाणूंच्या न्यूमोनियानं मेली होती. फ्लू दार उघडतो, मारतो न्यूमोनिया. हे वाक्य लक्षात ठेवा, कारण आता मी सत्तर वर्षं उडी मारून गडचिरोलीत येतोय.

१९८६ मध्ये डॉ. अभय आणि डॉ. राणी बंग गडचिरोलीत आले आणि 'सर्च' ही संस्था सुरू झाली. तिचं काम पुष्कळांना दारूबंदीमुळे किंवा नवजात बाळांच्या सेवेमुळे माहीत आहे. मी आज त्यांच्या त्याआधीच्या एका अभ्यासाविषयी बोलणार आहे. लहान मुलं मरत होती, आणि त्यात न्यूमोनियाचा वाटा मोठा होता. गावात त्याला डबा म्हणतात, आणखीही नावं आहेत. एक्स-रे नाही, स्टेथोस्कोप वापरणारा डॉक्टर नाही. मग गावातला न्यूमोनिया ओळखायचा कुणी आणि कसा?

उत्तर होतं : श्वास मोजून. फुफ्फुस भरलं की मूल भराभर श्वास घेतं. दोन महिन्यांच्या आतलं बाळ मिनिटाला ६० किंवा जास्त, त्याहून मोठं मूल ५० किंवा जास्त श्वास घेत असेल आणि खोकला असेल, तर न्यूमोनिया धरायचा आणि औषध सुरू करायचं. पण मोजायचं कुणी? गावातली सुईण. अनुभव दांडगा, हात निष्णात, पण शाळा न शिकलेली. पन्नासपर्यंत ओळीनं मोजणं, तेही धपापणाऱ्या पोटाकडे बघत, हे तिला जमेना. इथे दोन रस्ते होते. एक, ही बाई अडाणी आहे म्हणून तिला वगळणं. दुसरा, मोजायचं साधन तिच्या हातासारखं करणं. त्यांनी दुसरा धरला. एक लाकडी चौकट, त्यात एका मिनिटाचं वाळूचं घड्याळ, आणि तारेवर ओवलेले मणी, दोन ओळींत. एक तान्ह्यासाठी, एक मोठ्या मुलासाठी. दहा श्वास झाले की एक मणी सरकवायचा. दहापर्यंत तर कुणीही मोजतं. हिरवे मणी संपून लाल मणी सरकला आणि वाळू अजून खाली यायची आहे, तर मूल आजारी.

मला विचाराल तर कोतवालाच्या वहीनंतर या जिल्ह्यात मोजणीचं एवढं मोठं पाऊल दुसरं नाही. वही मेल्यावर मोजत होती. हे मणी त्याच्या आधी मोजत होते.

निकाल १९९० मध्ये 'लॅन्सेट' या वैद्यकीय नियतकालिकात आला. गावातले आरोग्यसेवक, सुईणी आणि निमवैद्यकीय कर्मचाऱ्यांनी ६१२ मुलांच्या न्यूमोनियावर कोट्रायमोक्साझोल या साध्या औषधानं उपचार केले. त्यांत दगावण्याचं प्रमाण शंभरात ०.८. तुलनेसाठी ठेवलेल्या गावांत ते १३.५ होतं. वर्षभरात न्यूमोनियानं होणारे बालमृत्यू कार्यक्रमाच्या गावांत दर हजारी ८.१ राहिले, तुलनेच्या गावांत १७.५. औषधाचा खर्च वाचलेल्या एका जिवामागे अडीच डॉलरच्या थोडा वर. या सगळ्यात कुठला विषाणू, कुठला जिवाणू, फ्लू होता की गोवर होता, हे कुणी तपासलं नव्हतं. ते न तपासता मूल वाचत होतं.

आणि एक गोष्ट, जी आकड्यांच्या खाली दबून जाते. हे आकडे खरे आहेत हे कशावरून? कारण तिथे मृत्यू मोजायची स्वतंत्र व्यवस्था उभी केली होती. घरोघर जायचं, मूल गेलं असेल तर आईला, आजीला विचारायचं, शेवटच्या दिवसांत काय झालं, खोकला होता का, पोट उडत होतं का, दूध सोडलं होतं का, आणि त्यावरून कारण ठरवायचं. हीच पद्धत घेऊन पुढे राज्यातल्या १३ संस्थांनी मिळून बालमृत्यू मोजले. 'कोवळी पानगळ' हा त्यांचा अहवाल २००१ मध्ये आला आणि त्यानं म्हटलं की महाराष्ट्रात वर्षाला १ लाख २० हजार ते १ लाख ७५ हजार मुलं मरतात, आणि सरकारी नोंदीत त्यातली बरीच दिसतच नाहीत. विधिमंडळात गदारोळ झाला. सरकारनं मूल्यमापनासाठी समिती नेमली. कोतवालाच्या वहीचा प्रश्न, फक्त साल वेगळं.

आता तुम्ही म्हणाल, मग प्रयोगशाळेची गरजच काय? गरज आहे, कारण मणी तुम्हाला हे सांगत नाहीत की यंदाचा विषाणू नवा आहे का. त्यासाठी घशातला स्वॅब लागतो. आपल्याकडे त्याचं माहेरघर पुण्याची राष्ट्रीय विषाणू विज्ञान संस्था. १९५२ मध्ये रॉकफेलर फाउंडेशनच्या साहाय्यानं ती सुरू झाली. २००९ मध्ये स्वाइन फ्लू आला, ३ ऑगस्टला देशातला पहिला बळी पुण्यातच गेला, आणि दवाखान्यांसमोर तोंडाला रुमाल बांधलेल्या लोकांच्या रांगा टीव्हीवर आपण पाहिल्या. सुरुवातीला तपासणी फक्त पुणे आणि दिल्लीच्या प्रयोगशाळांत. भामरागडहून पुणं जवळपास हजार किलोमीटर. स्वॅब थर्मोकोलच्या डब्यात, बर्फाच्या पिशव्यांत, दोन ते आठ अंश तापमानात न्यायचा. आणि ऑसेल्टामिविरची गोळी, म्हणजे टॅमिफ्लू, सर्वांत उपयोगी पडते ती पहिल्या ४८ तासांत. अहवालाची वाट बघत बसलात तर गोळीची वेळ गेली. म्हणून तेव्हाच केंद्रानं रुग्णांचे अ, ब, क असे गट पाडले : सौम्य ताप-खोकला असेल तर तपासणीच नको, घरी थांबा, धाप, छातीत दुखणं, गुंगी असेल तर लगेच भरती, लगेच औषध, तपासणी मागून. पुन्हा बघा, निर्णय श्वासावरच आला.

आणि एक घोळ आहे तो ऋतूचा. फ्लू हिवाळ्यात येतो असं आपण पुस्तकांतून शिकलो, कारण पुस्तकं लंडन-न्यूयॉर्कची. देशातल्या दहा शहरांचे अनेक वर्षांचे नमुने एकत्र मांडल्यावर दिसलं की श्रीनगरचा हिवाळा सोडला तर बहुतेक ठिकाणी फ्लूचा जोर पावसाळ्यात असतो. म्हणून लस घ्यायची तर एप्रिल-मेमध्ये, पाऊस लागण्याआधी. हे पुण्याला सोपं आहे. पण आपल्याकडे पावसाळा म्हणजे काय? पर्लकोटेला पूर, भामरागडचा संपर्क तुटला, ही बातमी दर वर्षी ठरलेली. म्हणजे ज्या महिन्यांत विषाणू फिरतो, नेमक्या त्याच महिन्यांत स्वॅब फिरू शकत नाही. मग नकाशावर भामरागडात फ्लूचे रुग्ण शून्य दिसतात. शून्याचे दोन अर्थ असतात हो. आजार नाही, किंवा रस्ता नाही. साथरोग सर्वेक्षणाचे तक्ते वाचताना शेजारी पुराची बातमी ठेवून वाचावी, असं मी माझ्या विद्यार्थ्यांना सांगतो. ते हसतात.

थांबतो इथे. प्रश्न घेऊ या.

(श्रोत्यांतून : ते मणी १९१८ ला असते तर चांद्याची माणसं वाचली असती का?)

नाही. लाल मणी दिसला असता, द्यायला काही नसतं. पेनिसिलिनचा शोधच १९२८ चा, माणसांना सर्रास मिळायला लागलं १९४० च्या दशकात. त्या वर्षी उपयोगी पडली असती ती पेज, पाणी, पांघरूण, आणि घरात उभं राहू शकणारं एखादं माणूस. अख्खं घर एकदम झोपलं की पाणी कोण देणार? तेवढ्यानं काही जीव नक्की गेले. आणि हो, मण्यांचं साधन आता मागे पडलंय. आशाताईंच्या पिशवीत घड्याळ असतं, वजनकाटा असतो. मोजायची रीत तीच.

(श्रोत्यांतून : वाघांना फ्लू झाला होता ते खरं का?)

खरं आहे. डिसेंबर २०२४ च्या अखेरीस नागपूरच्या गोरेवाडा बचाव केंद्रात तीन वाघ आणि एक बिबट मेले. भोपाळच्या उच्च सुरक्षा प्रयोगशाळेनं नमुन्यांत एच-५-एन-१ म्हणजे बर्ड फ्लू असल्याचं कळवलं. हे वाघ माणसांशी संघर्ष झाल्यामुळे आपल्याच चंद्रपूर जिल्ह्यातून तिकडे हलवलेले होते. पाठोपाठ जानेवारीत ब्रह्मपुरी तालुक्यातल्या मांगलीत कोंबड्या मेल्या आणि तिथेही बर्ड फ्लू निघाला. पक्ष्यांचा हा विषाणू माणसाला सहसा धरत नाही, पण धरला तर जड जातो. म्हणून कोंबड्या मारून पुरणाऱ्या लोकांना नंतर दहा दिवस ताप-खोकला येतो का हे बघत राहतात. ते बघायला घरोघर कोण जातं? गावातली आरोग्यसेविका आणि आशाताई. वाघाचा नमुना भोपाळला पोहोचतो हे चांगलंच आहे. मला काळजी असते ती जुलैत भामरागडच्या एखाद्या पोराचा नमुना हेमलकशापर्यंत तरी पोहोचतो का याची.

आयोजक घड्याळ दाखवतायत. उरलेले प्रश्न बाहेर चहावर घेऊ.